शहाऐंशीवा प्रश्न

सकाळी नऊ वाजून दहा मिनिटांनी तिनं मोबाइल बंद करून परीक्षा केंद्रातल्या सतरा नंबरच्या लॉकरमध्ये ठेवला. त्या मोबाइलमध्ये नवऱ्याचा आवाज होता.

"घड्याळही काढा," दारातली पर्यवेक्षिका म्हणाली. "आणि रुमाल झटकून दाखवा."

"रुमालात काय मावणार, बाई?"

"गेल्या खेपेला एकाच्या रुमालात अख्खा कायदा निघाला होता."

घरांच्या खरेदी-विक्रीचं काम करायला परवाना लागतो आणि तो माणसाच्या नावाचा असतो, ऑफिसच्या नाही. नवरा गेला, त्याच्यासोबत परवानाही गेला. बायकोला सहा महिन्यांची मुदत होती. त्या मुदतीत ती परवान्याची परीक्षा पास झाली, तर ऑफिस नवऱ्याच्याच नावानं चालणार. नाहीतर पाटी उतरवायची. दोन खेपा थोडक्यात हुकल्या होत्या. आज शुक्रवार, आणि मुदत सोमवारी पाचला संपत होती.

एकवीस वर्षं तिनं त्या ऑफिसात फोन घेतले, किल्ल्या सांभाळल्या. कुठल्या घराचं कुलूप उलटं फिरतं, हे तिला तोंडपाठ होतं. परीक्षेत ते कुणी विचारत नाही. तिथं करारातली कलमं विचारतात, मुदती विचारतात, मापं विचारतात.

शेवटच्या आजारपणात नवऱ्यानं अंथरुणावरून परीक्षेचं पुस्तक मोठ्यानं वाचून मोबाइलवर भरून ठेवलं होतं. मध्येच खोकला, मध्येच "जरा पाणी दे गं." एका ठिकाणी पुस्तक बाजूला ठेवून तो आपलंच बोलला होता : "क्षेत्रफळात बाहेरची भिंत धरायची. भिंतच नसेल तर घर कसलं गं, मैदान ते!" आणि स्वतःच हसला होता.

तो गेल्यावर दोन महिन्यांत नियम बदलला. घरं मोजायला जाणारा दीर तिच्यावर वैतागायचा.

"वहिनी, दोन्ही वेळा तुम्ही भिंतीतच अडकलात. दादाचं आता जुनं झालं. बाहेरची भिंत सोडायची आणि आतलं मोजायचं. मी रोज टेप घेऊन तेच करतो."

"कळलं हो, भावोजी."

"कळतं तुम्हाला. लिहिता मात्र दादाचं."

शंभर प्रश्न, दोन तास, पास व्हायला सत्तर. शेजारच्या खुर्चीतला तरुण नखं खात होता. भिंतीचे प्रश्न तीन आले : बाविसावा, एकोणपन्नासावा, शहाऐंशीवा. तिन्ही वेळा तिनं भिंत सोडली. नऊ मिनिटं उरली, तेव्हा खात्रीची उत्तरं मोजली. एकाहत्तर भरली.

मग ती शहाऐंशीव्यावर परत गेली आणि वेळ संपत येईपर्यंत तिथंच रेंगाळली. दोन खोल्या, एक स्वयंपाकघर, जाड भिंती. कानात ते हसू आलं. तिन्हींतलं एक तरी त्याचं राहू दे, एवढंच मनात आलं, आणि तिनं भिंत धरली. पुन्हा बदलायला हात उचलला, तोवर वेळ संपून संगणकाचा पडदा बंद झाला होता.

एरवी निकाल लगेच दिसतो. आज अक्षरं आली : निकाल राखून ठेवला आहे.

"काही प्रश्नांवर हरकती आल्यात," पर्यवेक्षिका म्हणाली. "सोमवारी संदेश येईल."

"कुठल्या प्रश्नांवर?"

"ते आम्हाला सांगत नाहीत, बाई."

बाहेर दीर स्कूटरवर बसूनच होता. "भिंती?"

"सोडल्या."

"सगळ्या?"

तिनं रुमालाची घडी घातली. "सगळ्या."

"सुटलो बुवा!" म्हणत त्यानं स्कूटर चालू केली. रस्ताभर तो शिट्टी वाजवत होता.

सोमवारी दुपारी तो ऑफिसात शिडी घेऊन आला आणि ती दारामागे उभी केली. "दिवा बदलायचाय," म्हणाला. दिवा नीट चालू होता. ती खणातल्या किल्ल्यांची लेबलं पुन्हा लिहीत बसली. मोबाइल समोरच होता.

चार वाजून वीस मिनिटांपर्यंत संदेश आला नव्हता. पाटी जागेवर होती.