डनी म्हणा, लू म्हणा

नाकाला रुमाल लावायचा तर लावा, मित्रांनो, पण ऐका. मी एक जुना संडास आहे. टोपलीचा म्हणा, डब्याचा म्हणा. ब्रिस्बेनमधल्या एका घराच्या परसात, कृष्णकमळाच्या वेलाखाली उभा आहे. एका सुतारानं उरल्यासुरल्या फळ्या ठोकून मला केलं. बसायच्या फळीला भोक पाडलं, खाली लोखंडी डबा ठेवला आणि मागे गल्लीच्या बाजूला एक झडप केली. झडप उघडून भरलेला डबा ओढायचा आणि रिकामा आत सरकवायचा, हे गल्लीतला मैला उचलणाऱ्या क्लॅरीचं काम.

इथले लोक मला डनी म्हणतात. कुणी गडगडपेटी म्हणतं. का, ते विचारू नका, शी! टोपणनावं पाडायची यांना भारी हौस. लाल केसांच्या खाटकाला हे ब्लूई म्हणतात, म्हणजे निळ्या! टकल्या पोस्टमनला कुरळ्या म्हणतात. एकदा नाव चिकटलं की मेल्यावरच सुटायचं. नावं बरी सुचतात, पण मला घासायचं कुणाला सुचत नाही. उन्हाळ्यात माझ्या पोटात काय बुजबुजतं ते सांगितलं, तर तुम्हाला दोन दिवस जेवण जायचं नाही.

मग इंग्लंडहून मिसेस हॅलम या घरात राहायला आल्या. त्या मला लू म्हणू लागल्या; तिकडे संडासाचं हे नाजूक नाव. आत येताना अत्तर शिंपडायच्या. अत्तर आणि मैला एकत्र झाल्यावर जो वास सुटतो ना, मला माझीच ओकारी यायची.

"अगं एडी, लू म्हटल्यानं त्यात गुलाब उगवत नाहीत," शेजारच्या नोलाबाई कुंपणावरून म्हणाल्या.

"माझं नाव एडिथ आहे," मिसेस हॅलमनी सुनावलं.

"तेच ते, एडी!"

इंग्लंडच्या माणसाला इथं पॉम म्हणतात, आणि पॉम म्हणजे रडतराऊ, असं अख्ख्या गल्लीचं मत. मिसेस हॅलमना तीच धास्ती होती. आपल्याला असलं काही नाव पडलं, तर या देशात तोंड कसं दाखवायचं?

क्लॅरीचा मात्र त्यांना तिटकारा. तो खांद्यावर डबा घेऊन दिसला की त्या खिडकी धाडकन लावायच्या. "घाणेरडा मेला!" असं त्याला ऐकू जाईल इतक्या मोठ्यानं म्हणायच्या. मला तेव्हा त्या बाईची किळस यायची, खरं सांगतो.

डिसेंबरातल्या एका सकाळी बाई आत बसल्या होत्या. क्लॅरी त्या दिवशी नेमका लवकर आला. त्यानं झडप उघडली आणि डबा ओढला. खालून वारा लागला, तशा बाई किंचाळल्या!

बाहेर रिकामा डबा खणखणला. मग क्लॅरी म्हणाला, "बसा बाई, बसा. नवा डबा देतोय."

त्या दिवशी बाई घराबाहेर पडल्या नाहीत. क्लॅरी आता पबात सगळं सांगणार, गल्ली पोट धरून हसणार आणि आपल्याला जन्माचं नाव चिकटणार, असं त्यांनी धरूनच ठेवलं होतं. आठवडा गेला. कुणी हसलं नाही. ब्लूईनं मुकाट्यानं मटण बांधून दिलं.

शेवटी बाईंनीच कुंपणापाशी विचारलं, "तो क्लॅरी लोकांचं काही सांगत फिरतो का हो?"

"क्लॅरी? आणि डॉब करेल?" नोलाबाई उसळल्या. डॉब करणं म्हणजे चुगली करणं. इथं त्याहून मोठं पाप नाही. "कुणाचं पोट बिघडलंय, कोण चोरून पितंय, त्याला डबा उचलताच कळतं. आजवर एक शब्द सांडला नाही त्यानं. बरं, नाताळला त्याच्यासाठी बिअरच्या दोन बाटल्या ठेव हं. डनीच्या फळीवर. आपली रीतच आहे."

"हातात नाही द्यायच्या?"

"त्याच्या हातात?" नोलाबाईंनी नाक मुरडलं. "ईऽऽ, काहीतरीच!"

ऐकलंत? वर्षभर याच्याकडून मैला उपसून घ्यायचा आणि सणाची भेट माझ्यावर ठेवून पळायचं. म्हणे प्रेमळ गल्ली! थू!

नाताळाच्या आदल्या सकाळी मिसेस हॅलम चर्चला जाताना घालायची टोपी घालून मागच्या गल्लीत उभ्या राहिल्या. क्लॅरी त्यांना बघून थबकला.

"फळीवर ठेवायच्या होत्या, बाई."

"मला तुमच्या हातात द्यायच्या आहेत. तुम्ही कुणाला बोलला नाहीत. मी तुम्हाला नाही नाही ते बोलले."

बाटल्या देऊन त्यांनी हात पुढे केला. क्लॅरीनं आपला हात विजारीला पुसला, परत पुसला. "हात घाण आहेत, बाई."

"माझ्याच डब्यामुळे ना?" त्या म्हणाल्या आणि त्यांनी त्याचा हात घट्ट धरला. इतक्या वर्षांत त्या गल्लीत कुणी त्याला शिवलेलं मी पाहिलं नव्हतं. क्लॅरी मान हलवत राहिला.

पुढे जमिनीखालून गटारं आली, माझा डबा गेला. आता माझ्यात फावडी ठेवतात आणि कोळी राहतात. मित्रांनो, मला काय वाटेल ते म्हणा. पण तुमची घाण उचलणाऱ्याला पाहून नाक दाबणार असाल, तर माझ्या फळीवर बसू नका. मैल्याची मला सवय आहे. तुमची शिसारी येते.