गव्हातली बिनपाण्याची विहीर

मी एक जुनी विहीर आहे. अमेरिकेच्या उत्तर डकोटा राज्यात, कीफ नावाच्या खेड्याबाहेर, ओनुफ्री बिलिक यांच्या गव्हाच्या शेतात माझा जन्म झाला. मित्रांनो, विहीर दिसली की तुम्ही आत डोकावता, खडा टाकता, हाक मारून पाहता. माझ्याजवळ तसे कुणी येत नाही. माझ्याभोवती उंच तारेचे कुंपण आहे आणि परवानगीशिवाय आत शिरणाऱ्याला गोळी घातली जाईल, अशी पाटी त्यावर लावली आहे. माझ्यात पाण्याचा थेंबही नाही. माझ्या ऐंशी फूट खोल सिमेंटच्या पोटात एक क्षेपणास्त्र उभे आहे आणि त्याच्या टोकाला अणुबॉम्ब बसवलेला आहे.

कीफ हे गाव युक्रेनमधून आलेल्या लोकांनी वसवले. ओनुफ्री मात्र उशिरा आला. दुसऱ्या महायुद्धात जर्मनांनी त्याला सतराव्या वर्षी घरातून उचलून मजुरीला नेले. युद्ध संपले तेव्हा युक्रेनमधल्या त्याच्या गावावर मॉस्कोचे राज्य होते. तो परत गेला नाही. निर्वासितांच्या छावणीतून तो इथे चुलत्याकडे आला, शेती करू लागला, तेक्लाशी लग्न केले. त्याची धाकटी बहीण मोत्र्या तिकडेच राहिली.

सरकारी माणसे आली तेव्हा ओनुफ्री दारात बसून बोर्श, म्हणजे बिटाचे सूप, खात होता. ती माणसे म्हणाली, देशाच्या रक्षणासाठी तुमच्या शेताच्या मधोमध थोडी जागा हवी आहे. तेक्ला दारातूनच ओरडली, "मधोमधच कशाला? कडेला खणा की! पेरणी काय तुमच्याभोवती गोल गोल फिरून करायची?"

"जागा नकाशावर ठरलीय बाई," त्यातला एक म्हणाला. "आणि गरज संपली की जमीन परत तुमचीच."

ओनुफ्रीने हातातला चमचा खाली ठेवला. बायकोला तो आपल्या भाषेत म्हणाला, "गप्प बस गं. या देशानं आपल्याला आसरा दिला. त्याला नाही कुठल्या तोंडानं म्हणायचं?"

अशी मी खणली गेले. माझ्या तोंडावर शंभर टनांहून जड झाकण बसले. त्याच उन्हाळ्यात आजूबाजूच्या शेतांतही माझ्यासारख्याच विहिरी खणल्या गेल्या आणि सगळ्यांच्या पोटात एकेक क्षेपणास्त्र उतरले. ते उडवण्याची किल्ली ज्यांच्याजवळ असते ते अधिकारी दूर कुठेतरी जमिनीखाली बसतात. मी त्यांना कधी पाहिलेले नाही. मी ओळखते ती फक्त दुरुस्तीला येणारी माणसे. कडाक्याच्या थंडीत ती माझ्यावरचा बर्फ काढत, तेलपाणी करत, वायरी तपासत, हात चोळत एकमेकांना शिव्या घालत. "घरी बायको म्हणते दाराचं बिजागर कुरकुरतंय, त्याला तेल घाल," एक सार्जंट नेहमी म्हणायचा. "तिला काय सांगू? माझं सगळं तेल हिच्यावरच संपतं."

त्या काळात माझे खूप कौतुक झाले. बडे अधिकारी पाहुण्यांना घेऊन येत आणि म्हणत, ही आहे म्हणून जगात शांतता आहे. काही वर्षांनी माझे पहिले क्षेपणास्त्र काढून दुसरे आणले. त्याच्या टोकाला एकाऐवजी तीन बॉम्ब होते, तीन वेगवेगळ्या शहरांसाठी. पलीकडे मॉस्कोनेही तेच केले. मग इकडे आणखी, मग तिकडे आणखी. असे करत करत जगात सत्तर हजारांच्या आसपास बॉम्ब झाले. इतकी शहरे तरी जगात आहेत का, असा प्रश्न माझ्या कुंपणाशी उभे राहून कुणी विचारला नाही.

ओनुफ्री माझ्या चारी बाजूंनी नांगर वळवत राहिला. वळणावर ट्रॅक्टर थांबला की तो माझ्याकडे पाहून थुंकायचा. त्याची मुलगी व्हारवारा शाळेत जाऊ लागली. बॉम्ब पडला तर बाकाखाली कसे शिरायचे ते तिला शाळेत शिकवत. घरी आल्यावर ती बापाला विचारायची, "बाबा, आपल्या शेतात आहे ना, मग आपल्यावर पहिला पडणार?" ओनुफ्री म्हणायचा, "पडला तर कळणारसुद्धा नाही, बाळ. जा, कोंबड्यांना दाणे टाक."

मग एका उन्हाळ्यात मोत्र्या आली. तिकडचे दरवाजे तेव्हा नुकतेच उघडू लागले होते. भाऊ-बहीण जवळजवळ पन्नास वर्षांनी भेटत होते. दोघांचेही केस पांढरे झालेले. जेवण झाल्यावर ओनुफ्री तिला शेत दाखवायला घेऊन आला. गहू कमरेएवढा वाढला होता. मोत्र्या एक ओंबी चोळून दाणे चावत चावत चालली होती. कुंपणाशी येऊन ती थांबली.

"हे काय रे? टाकी आहे?"

"रॉकेट आहे आत."

"कुठं जाणारं?"

ओनुफ्रीने टोपी काढली, पुन्हा घातली.

"आमच्याकडं?" मोत्र्याने विचारले.

"मला काय ठाऊक? मला सांगून थोडंच ठेवलंय?"

मोत्र्याने तारेतून माझ्या झाकणाकडे पाहिले. मग म्हणाली, "आमच्याकडं पण आहेत. बटाट्याच्या वाडीपलीकडं, अश्शीच झाकणं, अस्संच कुंपण. म्हणतात ती तुमच्याकडं तोंड करून आहेत."

"खोटं."

"देवाशप्पथ! आमचा सरपंच तर प्यायला की म्हणतो, अमेरिकेतल्या नातेवाइकांना काही पाठवायचं असेल तर सांगा, रॉकेट तिकडं एकदाच जायचंय."

आधी ओनुफ्री हसला. मग मोत्र्या हसली. दोघे तारेला धरून इतके हसले की त्यांना खाली बसावे लागले. हसता हसता मोत्र्या रडू लागली आणि ओनुफ्री तिच्या पाठीवरून हात फिरवत नुसते "अगं, अगं" म्हणत राहिला. मित्रांनो, माझ्या आयुष्यात पुष्कळ अधिकारी आले, पण माझे नेमके काम काय आहे हे मला त्या दोघांनी सांगितले.

त्यानंतर काही वर्षे चांगली गेली. दोन्ही देशांनी करार केले. माझ्या क्षेपणास्त्रावरचे तीन बॉम्ब काढून एकच बसवला. आमच्या राज्याच्या पूर्वेकडच्या दीडशे विहिरी सुरुंगाने फोडून मातीने भरल्या. युक्रेन मॉस्कोपासून स्वतंत्र झाला, त्याने आपल्याकडचे बॉम्ब मॉस्कोला देऊन टाकले आणि मोत्र्याच्या वाडीपलीकडच्या विहिरीही बुजवल्या. तिने फोनवर सांगितले, "दादा, आमच्याकडं सूर्यफुलं पेरलीत त्यांच्या जागी! मंत्री आले होते पेरायला, कोट घालून. एकाला धड खड्डासुद्धा करता येईना."

ओनुफ्रीला वाटले, आता आपली पाळी. तो रोज दुपारी कुंपणाशी येऊन उभा राहू लागला. व्हारवाराला म्हणायचा, "ही बुजवली की इथं आडवा नांगर घालायचा. सरळ, या टोकापासून त्या टोकापर्यंत. एकदाही न वळता."

"घालू, बाबा."

माझी पाळी आली नाही. ओनुफ्री गेला. त्या वर्षीही व्हारवाराने माझ्याभोवती वळूनच पेरणी केली.

दुरुस्तीची माणसे मात्र येतच राहिली. आता ती माझ्यात खोट काढत. माझे सुटे भाग बाजारात मिळत नाहीत, वायरी आजोबांच्या काळातल्या आहेत, झाकणाखाली गंज चढला आहे. जगातले बॉम्ब सत्तर हजारांवरून बारा हजारांच्या आसपास आले होते, पण तिथून पुढे कमी होण्याचा वेग मंदावला. उरलेल्यांपैकी बहुतेक याच दोन देशांकडे होते आणि बाकी सात देशांनी आपापले ठेवले होते. मग नवे बनवण्याची भाषा सुरू झाली. इकडे नवे क्षेपणास्त्र, तिकडे नवे क्षेपणास्त्र, दूर चीनच्या वाळवंटात नव्या विहिरी.

त्याच सुमारास मॉस्कोचे सैन्य युक्रेनमध्ये घुसले आणि तिथे पुन्हा युद्ध सुरू झाले. मोत्र्या तेव्हा जिवंत नव्हती. तिची नात ओक्साना नवऱ्याला आघाडीवर सोडून व्हारवाराकडे आली. ती आली तेव्हा तिला दिवस गेले होते. इथेच कीफमध्ये तिला बाळ झाले, त्याचे नाव तारास. नवरा त्याला पाहू शकला नाही. तो मारला गेला.

एकदा व्हारवारा तिला घेऊन माझ्याकडे आली. आपल्या बापाची आणि मोत्र्याची गोष्ट सांगून तिला थोडे हसवावे, असे तिच्या मनात असावे. ओक्साना हसली नाही.

"आमच्याकडं पण होती ही," ती म्हणाली. "ती दिली नसती, तर त्यांची आमच्यावर यायची हिंमत झाली नसती."

"असं नको म्हणूस गं. तुझ्या आजीला केवढा आनंद झाला होता."

"आजीचं घर राहिलंय का, मावशी? सूर्यफुलांनी कुणाला अडवलं?"

व्हारवारा कुंपणाशी वाढलेले गवत उपटत राहिली. मित्रांनो, मी इतकी वर्षे इथे आहे, पण त्या मुलीला खोटे ठरवेल असे एकही वाक्य माझ्याजवळ नव्हते.

यंदाच्या वसंतात मोजणी करणारे आले. त्यांच्याबरोबर हवाई दलाची एक तरुण कॅप्टन होती. व्हारवारा ट्रॅक्टरवरून उतरून तिच्याकडे गेली. ओक्साना मागे उभी होती. कडेवर तारास होता.

"मॅडम, हिचं वय झालंय," कॅप्टन म्हणाली. "ही आता बुजवतील."

व्हारवाराने तिचा हातच धरला. "बुजवतील? खरंच? बाबा असते ना…"

कॅप्टन अवघडली. "नवं क्षेपणास्त्र हिच्यात बसत नाही. म्हणून नवी खणायची आहे. इथंच, थोडी त्या बाजूला. जागा जरा जास्त लागेल."

व्हारवाराने हात सोडला. मग तिने विचारले, "माझ्या बाबांना सांगितलं होतं, गरज संपली की जमीन परत. कधी संपणार ती?"

"नवं बनवतायत ते दोन हजार पंचाहत्तरपर्यंत तरी चालावं असं बनवतायत."

व्हारवाराने वळून तारासकडे पाहिले. तो कॅप्टनच्या टोपीकडे हात पसरत होता. "तोवर हा पन्नाशीचा होईल," ती म्हणाली.

तेव्हा ओक्साना पहिल्यांदा बोलली. तिचे इंग्रजी मोडकेतोडके होते. "तुमच्याकडं इतकी आहेत. मग तुम्हाला भीती वाटत नाही ना?"

कॅप्टनने टोपी काढून बाळाच्या हातात दिली. "वाटते," ती म्हणाली. "माझ्या घरी पण याच्याएवढीच मुलगी आहे. भीती वाटते म्हणून तर ठेवतो."

"मग त्यांनाही तुमची वाटते."

"हो."

"म्हणून ते ठेवतात."

कॅप्टनने बाळाच्या हातातून टोपी हळूच सोडवून घेतली आणि गाडीकडे गेली. ओक्साना पोराला छातीशी घट्ट धरून माझ्याकडे पाहत उभी राहिली. मागच्या वेळी तिच्या नजरेत मी हवीशी होते; आता नव्हते.

मित्रांनो, इतर जुन्या वस्तू तुम्हाला विनवतात की आम्हाला टाकू नका, जपा. मला फार जपले गेले. वादळात घरांची छपरे उडाली तेव्हाही माझ्यावर पहारा होता. या खेड्यातली शाळा बंद पडली, दुकान बंद पडले, माझे तेलपाणी एकदाही चुकले नाही. आता मला माती मिळेल. पण ओनुफ्रीचा गहू कापून माझ्याशेजारी जी खणली जाईल तिला तुम्ही जपू नका. ती अजून फक्त मोजणीवाल्यांनी जमिनीत ठोकलेल्या चार खुंट्यांएवढी आहे. खुंट्या उपटता येतात, मित्रांनो. एकदा सिमेंट ओतले की बुजवायला साठ वर्षे लागतात. आणि ती साठ वर्षे सुखरूप जातीलच, असे मी तुम्हाला सांगू शकत नाही. माझी गेली, एवढेच मला माहीत आहे.