हेडफोनच्या खाचेतली पिन

टेबलावर एक लॅपटॉप, एक मोडेम, पाण्याच्या नमुन्यांच्या अकरा बाटल्या आणि अर्धी चपाती होती. फोन नव्हता, बोअरवेलची पातळी मोजताना तो आत पडला होता.

पडद्यावर युगांडाच्या दुसऱ्या टोकाचं, फोर्ट पोर्टलचं आमचं घर दिसत होतं. अर्धांगवायूनंतर पहिल्यांदाच बाबांचे ओठ हलत होते. आवाज मात्र येत नव्हता.

बहिणीने, अकिकीने, खाली टाइप केलं, "अब्वोली, ते तुला हाक मारतायत! ओ दे की, बाहुलीसारखी काय बघतेस?"

अब्वोली हे माझं घरातलं मानाचं नाव. ते घेतल्याशिवाय आम्हा टोरो लोकांत भेट झाली असं धरत नाहीत. इथे मोरोटोत ते कुणाला माहीतही नाही. मी सगळ्यांची 'पाणीवाली मॅडम'.

"ऐकू येत नाहीये. रविवारी पुन्हा लावते," मी लिहिलं. कुणाचाही फोन मागता आला असता. पण बाबांना एका शब्दाला किती वेळ लागेल ते ठाऊक नव्हतं, आणि मागून आणलेल्या फोनवर तेवढं गप्प बसून राहता येत नाही.

लॅपटॉप याच महिन्यात जुना घेतला होता. त्यावर मी नवं लिनक्स चढवलं, आणि त्याला साऊंड कार्डच दिसेना. यादीत नुसतं 'डमी आउटपुट', म्हणजे नावापुरतं. लिनक्सच्या गाभ्याच्या, म्हणजे कर्नलच्या, जुन्या आवृत्तीवर परत गेले तेव्हा ड्रायव्हर चालू झाला, कार्ड दिसलं, आवाजाची हिरवी पट्टी नाचू लागली. स्पीकर तरीही मुके. यंत्राचं म्हणणं, हेडफोन जोडलेला आहे. माझ्याकडे हेडफोन नव्हताच.

लॅपटॉप विकणाऱ्या लोमुरियाकडे गेले.

"स्पीकर जळला असेल. पाणीवाल्यांनी विजेच्या वाटेला जाऊच नये, मॅडम."

"मग हेडफोन कुणी लावलाय, तुझ्या भुतानं?"

तो खो-खो हसत सुटला. "अरे हो, हा कॉलेजच्या लॅबमधला! तिथे पोरं एकदम सगळ्या मशीनवर गाणी लावायची. सर वैतागले, प्रत्येकात हेडफोनची पिन खुपसली आणि वरून मोडून टाकली. झाली शांतता."

"आणि हे विकताना नाही सांगितलंस?"

"तुम्ही बॅटरीचं विचारलंत, बॅटरीचं सांगितलं!"

घरी येऊन टॉर्च मारला. खाचेच्या तळाशी पितळी कडा चमकत होती. पेनच्या रिफिलच्या टोकाला गोंद लावला, आत टेकवला, सुकू दिला आणि हळूच ओढला. तुकडा निघाला. डावा स्पीकर खरखरला. उजवा गप्पच राहिला.

रविवारी अकिकीने बाबांना उशीला टेकवून बसवलं. "बाबा, मी ऐकतेय," मी म्हणाले. ते बराच वेळ माझ्याकडे पाहत राहिले. मी ध्वनिमुद्रण चालू केलं होतं. मग त्यांनी हाक मारली.

अब्वोलीच्या तीनपैकी दोन अक्षरं. पहिल्यापासून दुसऱ्यापर्यंत ४.२ सेकंद.