मुंगळीच्या दातांखाली

मी एक माउथगार्ड बोलतोय. नाक मुरडू नका हो! उभा जन्म लाळेत गेला हे खरं, पण ज्या तोंडात गेला त्या तोंडाची सर कुणाला नाही.

आम्ही रबरासारख्या मऊ प्लॅस्टिकचे. रग्बी खेळणाऱ्यांच्या वरच्या दातांवर बसतो, म्हणजे धडक बसली तरी दात जागेवर राहतात. दुकानात असतो तेव्हा आम्ही सगळे एकसारखे, नुसते वाकवलेले पट्टे. गरम पाण्यात मिनिटभर बुडवून कुणी चावलं, की आम्ही त्या माणसाचे होतो. मला चावलं एका एकोणीस वर्षांच्या पोरीने. बुटकी, रुंद खांद्यांची. समोरचीचे पाय एकदा धरले की सोडायचं नाव नाही, म्हणून सगळ्या तिला मुंगळी म्हणत.

मुंगळीची आई इस्पितळात ऑपरेशनची हत्यारं निर्जंतुक करायची. त्यामुळे घरातही तिला जिकडेतिकडे जंतूच दिसायचे. चमचे उकळ, फडकी उकळ, चालूच. लेकीचं रग्बी मात्र तिच्या कधी पचनी पडलं नाही. "मोडलेले जबडे रोज बघते मी. घरात एक नको," म्हणायची. एकही सामना बघायला ती आली नव्हती.

आणि मुंगळीची देशाच्या संघात निवड झाली! पहिला सामना आमच्याच शहरात, रविवारी दुपारी. सकाळी तिने मला धुऊन ओट्यावर वाळत ठेवलं आणि आंघोळीला गेली. तेवढ्यात आई ड्युटीवरून आली. "शी! हे काय ओट्यावर!" म्हणाली आणि मला उकळत्या पातेल्यात टाकून वर झाकण ठेवलं. तब्बल दहा मिनिटं! मी आक्रसलो, वेडावाकडा झालो, दातांचे ठसे पार पुसले गेले.

मुंगळी केस पुसत बाहेर आली.

"आई, माझा माउथगार्ड कुठाय?"

"उकळतोय. जंतूंचं माहेरघर झालं होतं त्याचं."

मुंगळीने झाकण उचलून पातेल्यात पाहिलं. माझ्याशिवाय तिला कुणी मैदानात पाऊल ठेवू देणार नव्हतं. जादाचा होता तो गेल्याच आठवड्यात सरावात फाटला होता. दुकानं बंद, आणि संघाची बस अर्ध्या तासात कोपऱ्यावर येणार होती.

"सात वर्षं मरमर मेले मी या दिवसासाठी," ती म्हणाली. "तू मुद्दाम केलंस. मला खेळूच द्यायचं नाहीये तुला."

आईचा चेहरा खर्रकन उतरला. तिने मला चिमट्याने उचललं, उलटसुलट करून पाहिलं.

"मऊ आहे अजून. तोंड उघड."

"आता काय उपयोग..."

"उघड म्हणते ना!"

गार पाण्यातून झटकन काढून तिने मला लेकीच्या दातांवर बसवलं. अंगठ्यांनी ओठांवरून दाबत एकेक दात चाचपत राहिली. हात जराही कापत नव्हते. "चाव. अजून घट्ट. आणि आता अवाक्षर काढायचं नाही, नाहीतर बिघडेल."

मुंगळी गप्प बसली. असं त्या घरात फारसं घडत नसे, त्यामुळे आईने संधी साधली.

"मुद्दाम नाही केलं मी. तू खेळू नयेस असं रोज वाटतं, पण ते मी तुझ्या तोंडावर सांगेन, असं पातेल्यात घालून नाही. भीती वाटते गं मला! तू बॅग उचललीस की परत येईपर्यंत मी घड्याळच बघत बसते. पण यादीत तुझं नाव आलं ना, तेव्हा अख्ख्या इस्पितळाला सांगत सुटले होते मी. तुला तेवढं सांगायचं राहिलं."

मुंगळीच्या डोळ्यांतलं पाणी ओघळत माझ्यापर्यंत आलं. बोलायला गेली तर नुसतं "ऊं, ऊं".

"जबडा हलवू नकोस म्हटलं ना!" आई ओरडली. तिचेही गाल ओले होते.

खरं सांगू? मुंगळीने पहिल्यांदा मला घाईघाईत कसंबसं चावलं होतं. या वेळी मी असा चपखल बसलो की काही विचारू नका.

बस गाठली. दुपारी आईही आली, तिकीट काढून, चक्क पुढच्या रांगेत. आठ-आठ जणी वाकून, खांदे भिडवून एकमेकींना रेटायला लागल्या की मुंगळी मला करकचून चावायची. त्या गदारोळातही "अगं, मान सांभाळ!" मला स्पष्ट ऐकू येत होतं. संघ हरला. आईचा घसा दोन दिवस बसला होता.

मी दोन वर्षं टिकलो, आमच्यात हे दीर्घायुष्यच. मग एका सामन्यात कुणाचा तरी गुडघा थेट तोंडावर आला. मला उभी चीर गेली, पण दात सगळे शाबूत. पुढे संघाच्या दंतवैद्याने तिला मापाचे नवे बनवून दिले. मुंगळीने मला काही टाकलं नाही, डबीत घालून बॅगेच्या कप्प्यात ठेवलं. ती देशाकडून त्रेचाळीस सामने खेळली, शेवटी कर्णधारही झाली. मी सगळीकडे फुकट फिरलो.

काल आमच्याच शहरात तिचा शेवटचा सामना झाला. जिंकल्या! शिट्टी वाजल्यावर मुंगळी तडक कठड्यापाशी आली. आई तिथेच उभी होती, केस पांढरे झालेली.

"सुटले बाई एकदाची," आई म्हणाली. "आता जिवाला घोर नाही." आणि हुंदकाच फुटला तिला. "मग मला रडू का येतंय गं?"

मुंगळीने तिला चिखलासकट मिठीत घेतलं. "इतकी घाबरायचीस, आई, तरी त्या पहिल्या दिवसापासून इथला एकही सामना चुकवला नाहीस. तुला उभी बघितली की माझी भीती पळायची."

"तुला भीती वाटायची?"

"दर वेळी."

एवढ्या वर्षांत आईला हे ठाऊक नव्हतं. मला मात्र होतं. पहिल्या शिट्टीआधी ते दात माझ्यावर कसे थरथरायचे, ते मी सोसलंय.

आज बॅग रिकामी होतेय, मला कुठे टाकतील कोण जाणे. टाकोत बापडे, माझी तक्रार नाही. मुंगळे, घाबरतेस हे तू आधी फक्त मला कळू दिलंस, त्याबद्दल तुझे उपकार मानतो. आता आईलाही कळलंय, तेव्हा मी निर्धास्त आहे.