दोष वाऱ्याचा

ऐक, फक्त ऐक. मध्ये तोंड घातलंस तर मी थांबेन, आणि मग तूच हात धुवून मागे लागशील.

ती डिंकी. जुनी पुस्तकं दुरुस्त करते, बोटांना सतत काहीतरी चिकटलेलं, म्हणून डिंकी. तिचा मामा त्याच ग्रंथालयात हस्तलिखितांचा मुख्य. आईबाप गेल्यावर मामा-मामीनंच तिला वाढवलं. जुनी लिपी शिकवली मामानं, नोकरीला चिकटवलं मामानं. उपकार एवढे की मान वर करायची सोय नाही.

आणि मामाचं सगळं आयुष्य म्हणजे एक पुस्तक. वारा आणि मन यांच्यावरचं, कुणी लिहिलं देव जाणे. चौऱ्याऐंशी सुटी पानं, एकावरही आकडा नाही. बावीस वर्षांपूर्वी ते गाठोडं आलं तेव्हा दोरी तुटलेली आणि पानं पत्त्यांसारखी पिसलेली. मामानं अर्थ लावत लावत क्रम ठरवला, कोपऱ्यात पेन्सिलीनं आकडे घातले. शेवटी ठेवलं ते हे पान: ‘वारा फिरला की मन फिरतं. दोष वाऱ्याचा, माणसाचा नाही.’ बस्स! या एका ओळीवर मामाची भाषणं, हारतुरे, खुर्ची, सगळं.

आणि घरसुद्धा, बरं का. मामाचा राग म्हणजे नाकाच्या शेंड्यावर. ताट भिंतीवर जायचं, मामीला नाही नाही ते बोलायचा, एकदा तर तिचं मनगट मोडलं. आणि सकाळी लोण्यासारखा आवाज काढून, “काल पूर्वेचा वारा होता गं.” मामीनं पूर्वेच्या लाकडी खिडक्या कायमच्या लावून घेतल्या, फटींत कागद कोंबले, वरून चिकटपट्ट्या मारल्या. भर दुपारी दिवा लावून भाजी चिरायची बाई. डिंकी लहानपणी पंख्याकडेसुद्धा संशयानं बघायची!

तर आता ते पुस्तक नव्यानं बांधायचं ठरलं, आणि काम आलं डिंकीकडे. काम काय, तर किड्यांनी पाडलेली भोकं कागदाच्या लगद्यानं बुजवायची, पान दाबाखाली ठेवायचं, मग शिवायचं. भोक कुठे होतं हे परत कुणाला दिसता कामा नये, यातच तिचं कसब.

पण किडा पुस्तक वाचत नाही ना! तो सरळ आरपार जातो. म्हणजे एका पानावर जिथे भोक, तिथेच शेजारच्या पानावर. आणि मामाच्या चौऱ्याऐंशीव्या पानावर मसुराएवढी तीन भोकं, तर त्र्याऐंशीवं धडधाकट. डिंकी चमकली. एकेक पान उजेडाला धरत बसली. चार दिवस. ते शेवटचं पान जाऊन बसलं नवव्या जागी, आणि त्याच्यामागे, तिन्ही भोकं जुळवून, मामानं तेविसावं म्हणून घातलेलं पान: ‘असं म्हणणारे म्हणोत. पण एकाच वाऱ्यात दोघं उभे असतात. एक हात उगारतो, दुसरा उगारत नाही. मग तो हात कुणाचा?’

डिंकीनं दोन्ही पानं पुन्हा एकामागे एक वाचली. अगं, जुन्या पुस्तकांची रीतच ती! आधी समोरच्याचं म्हणणं मांडायचं, अगदी त्याच्याच तोऱ्यात, आणि पुढच्या पानावर त्याला धुवून काढायचं. मामानं समोरच्याचं म्हणणं उचललं आणि पुस्तकाचा निकाल म्हणून शेवटी ठेवलं.

गेली मामाकडे. “मामा, भोकं जुळत नाहीत.”

“कसली भोकं?”

तिनं दोन्ही पानं समोर धरली. मामानं ती बघितली. मग म्हणाला, “किडा काय माझ्याआधी शाळेत गेला होता? माझं बावीस वर्षांचं वाचन एका पारड्यात, आणि तुझी अळी दुसऱ्या? बुजव मुकाट्यानं.” आणि खळीची वाटी टेबलावरून भिरकावली. दुसऱ्या दिवशी तिच्या खांद्यावर हात ठेवून म्हणतो, “काल हवाच वाईट होती गं.”

खिडक्या बंद होत्या, सांगू का!

डिंकीनं पानांचे फोटो मोबाईलवर काढलेले. ते घेऊन तडक मामीकडे. तिला वाटलं, मामी पाठीशी उभी राहिली तर ग्रंथालयाच्या मोठ्या साहेबांकडे जायचं. एकदा भोकं बुजली की पुरावा संपला.

मामीनं चष्मा लावला, सगळं ऐकलं. “म्हणजे वारा नव्हता?”

“नव्हता गं मामी. पुस्तक अगदी उलटं सांगतंय.”

मामीनं फोन पालथा ठेवला. “कुणाकुणाला सांगितलंस?”

“फक्त मामाला.”

“मग तेवढं पुरे.”

“पुरे काय? तुला कळतंय का याचा अर्थ?”

“मलाच कळतोय, तुला नाही.” मामी चिडली, पण आवाज चढवला नाही. त्या घरात तिनं कधी चढवलाच नव्हता. “वारा होता म्हणून मी राहिले. वाऱ्याशी कोण भांडणार? आता तू म्हणतेस, वारा नव्हता. म्हणजे तो माणूसच तसा, आणि मी इतकी वर्षं उगाच मार खात उभी. हे घेऊन मी या वयात जाऊ कुठे? सांग ना, शहाणे.”

मामीनं फोन उचलून डिंकीच्या हातात दिला.

“तुझं काम भोकं बुजवायचं. बुजव. आणि ते फोटो काढून टाक. आत्ता, माझ्यासमोर.”

तिनं काढून टाकले. एकेक. मामी बोट दाखवत होती, “हा राहिला.”

पुढचे तीन आठवडे डिंकीनं भोकं बुजवली. इतकी सुंदर की मामानं शेवटचं पान, म्हणजे त्याचं शेवटचं, उजेडाला धरलं आणि विचारलं, “कुठे होती गं ती तीन? हात आहे बुवा तुझा!” आणि पाठ थोपटली. ती थोपटू देत उभी राहिली.

नाही, आता बोल. साहेबांकडे गेली असतीस म्हणतेस? बरं, गेलीस. आणि संध्याकाळी घरी येऊन मामीच्या तोंडाकडे बघितलं असतंस? काय केलं असतंस तू?