गार पडलेली भट्टी

पावाची भट्टी एकदा तापवली की पुरती गार होऊ द्यायची नसते. रोज थोडी धग ठेवली नाही, तर आतल्या विटा तडकायला लागतात. बेकरीवाल्या आजींना हे लग्न होऊन आल्या दिवसापासून ठाऊक होतं. आणि त्यांचीच भट्टी वर्ष उलटलं तरी गार पडली होती!

शेजारच्या कुणीतरी धुराची तक्रार केली होती. तपासनीस आला, धुराड्याकडे मान वर करूनही पाहिलं नाही आणि परवाना रद्द करून गेला. मुलानं वरच्या साहेबांकडे अपील केलं. सुनावणी झाली. साहेब म्हणाले, "निकाल कळवू." झालं! तेव्हापासून साहेबांची वाचाच बसली.

आजी दर सोमवारी धुवट कपडे घालून कचेरीत जायच्या आणि बाकावर बसायच्या. शिपाई गोड हसायचा. "आजी, काम चालू आहे." घरी येऊन त्या सांगायच्या, "साहेब भला माणूस आहे. घाई केली की बिनसतं."

शेवटी सून बोललीच. "सासूबाई, मी वकीलबाईंना विचारलंय. याच्यासाठी कोर्टात जाता येतं."

"साहेबांवर कोर्ट? मग देतात हो परवाना! ओवाळूनच देतील!"

वकीलबाई बेकरीच्या जुन्या गिऱ्हाईक. संध्याकाळी त्या स्वतःच आल्या.

"आजी, साहेब 'नाही' म्हणाले असते तर?"

"तर आणखी वर गेलो असतो."

"आणि 'हो' म्हणाले असते तर?"

"तर सकाळी तुम्हाला गरम पाव मिळाला असता. हा काय पोरखेळ लावलाय?"

"पण ते काहीच म्हणत नाहीत. मग तुम्ही जाणार कुठे? अपील ऐकायचं आणि गप्प बसायचं, हाही अन्यायच आहे. काय ठरवायचं, हे कोर्ट सांगणार नाही. साहेबांना 'ठरवा' म्हणेल, आणि मुदत घालून देईल."

"तुमचं बोलायला काय जातं? उद्या साहेब चिडले तर भोगायचं आम्ही!"

"आत्ता काय भोगताय मग?" वकीलबाईंनी विचारलं. आजींनी तोंड फिरवलं.

पुढच्या सोमवारी शिपाई जरा रंगात होता. "आजी, माणसं असावीत तर तुमच्यासारखी! नाहीतर ते पिठाच्या गिरणीवाले. तुमच्यानंतर आले, कोर्टात गेले, आणि त्यांचा निकाल आम्हाला धावतपळत काढावा लागला. तुमची मात्र कसली कटकट नाही."

आजींच्या अंगावर जणू कुणी गार पाणी ओतलं. अगं बाई! म्हणजे आपण शहाण्यासारखं बसलो, म्हणूनच आपलं पडून राहिलं!

"बाळा," त्या उठत म्हणाल्या, "आता माझी कटकट बघ."

घरी येऊन त्यांनी सुनेला फर्मावलं, "बोलव तुझ्या वकीलबाईंना. आणि हसू नकोस."

"मी कुठे हसले?"

"मनात हसलीस."

कोर्टात सरकारी वकील म्हणाले, "साहेबांवर कामाचा फार ताण आहे." न्यायाधीशांनी विचारलं, "तो या लोकांनी आपली भट्टी विझवून का सोसायचा?" आणि मुदत घालून दिली. मुदत संपायच्या आत साहेबांचा निकाल आला: धुराडं उंच करा, भट्टी पेटवा.

पण पेटवायची कशी? आतली कमान खचली होती. पीठ मळणारा जुना कारागीर पोट भरायला परगावी निघून गेला होता, तो काही परत यायचा नव्हता. भट्टीच्या तोंडाशी बसून आजी तडकलेल्या विटांवरून हात फिरवत राहिल्या. साहेबांना दुखवायला नको म्हणून त्यांनी आपलंच घर दुखवून घेतलं होतं.

मंडळी, तुमच्यापैकीही कुणी अशाच बाकावर बसलं असेल. वेळेत निकाल मिळणं हा आपला हक्क आहे, कुणाची मेहेरबानी नाही. साहेब बोलत नसतील, तर त्यांना बोलतं करायला कोर्ट आहे. तिथे जाण्यात उद्धटपणा नाही. उशिरा गेलं, तर मात्र निकाल हातात येतो आणि विटा तडकलेल्या असतात.

"आई, रडतेस का?" मुलानं विचारलं.

"धूर गेला डोळ्यात."

"भट्टी तर गार आहे."

"मग विटा आण जा!" आजींनी डोळे पुसले. "आणि लवकर ये. साहेब होऊ नकोस!"