रेमीचं बारसं

मला भाची झाली आणि तिचं नाव मला कळलं, ते एकाच फोनवर, एकाच दमात. अनय, माझा धाकटा भाऊ, फ्रान्समधल्या नान्त शहरातल्या इस्पितळातून बोलत होता. मुलगी झाली, दोघी ठीक आहेत, वजन तीन किलोच्या वर, नाव रेमी. जणू वजनासारखं नावही बाळ येतानाच घेऊन आलं होतं. मी "अरे वा" म्हटलं. त्याच्या बायकोला, मॅरियॉनला, जेवण जातंय का विचारलं, बाळाचे केस काळे आहेत का विचारलं, फोन ठेवला आणि कुकरचं झाकण असं आपटलं की समोरच्या फ्लॅटमधून फ्रेडा काय पडलं ते बघायला आली.

पडलं काहीच नव्हतं. गेलं होतं. आमच्याकडे बाळाचं नाव आत्या ठेवते. ठरवतात सगळेच, आई ठरवते, बाप ठरवतो, कुणी पत्रिकेतून अक्षर काढून आणतं. पण बारशाला पाळण्यावर वाकून बाळाच्या कानात ते पहिल्यांदा सांगायचं आत्यानेच. ती सांगत असताना बाकीच्या बायका तिच्या पाठीत धपाटे घालतात आणि ती हसत ते खाऊन घेते. भावाकडून साडी मिळते, पण साडीसाठी कुणी आत्या होत नाही. मला एकच भाऊ. मी लग्न केलं नाही. आई गेली तेव्हा अनय शाळेत होता, बाबा तिच्या मागोमाग गेले, आणि त्याच्या डब्यापासून व्हिसापर्यंत सगळं मी बघितलं. त्याचं मला काही नको होतं. पण हा एक मान न मागता माझ्याकडे चालत येणार होता, आणि तो तिकडच्या नगरपालिकेने घेतला. तिथे म्हणे जन्मानंतर चार-पाच दिवसांत नाव नोंदवावंच लागतं. बारशापर्यंत बाळ बिननावाचं ठेवायची सोय नाही.

आणि नाव तर माझ्याकडे तयार होतं. मुलगी झाली तर गंधाली. अनयला मुलगी होईल, ती सुट्टीत कांदिवलीला येईल, मी खिडकीतून खाली बघून गंधाली अशी हाक मारीन, इथवर माझं सगळं ठरलेलं होतं. कुणाला बोलले नव्हते, कारण आधीच सांगितलं तर कानात सांगायला काय उरतं?

अंधेरीला एमआयडीसीत एका लॅबमध्ये मी औषधांचे नमुने तपासते. तपासल्याशिवाय काही पास करायचं नाही, ही नोकरीने लावलेली सवय आहे. दुसऱ्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत मी रेमी तपासायला घेतलं. काहीतरी खोट निघेल अशी आशा होती, खोटं कशाला बोलू.

निघाली ती भलतीच चांगली माहिती. रेमी हे लॅटिनमधून फ्रेंचमध्ये आलेलं नाव, अर्थ वल्हवणारा. पंधराशे वर्षांपूर्वी रँस गावी या नावाचे एक बिशप होऊन गेले. तेव्हाचा फ्रँक लोकांचा राजा क्लोव्हिस, त्याला त्यांनी ख्रिस्ती धर्माची दीक्षा दिली, संत म्हणून त्यांची कीर्ती झाली आणि त्यांचं नाव गावांना, देवळांना, मग घरोघरच्या मुलांना ठेवलं जाऊ लागलं. काही अभ्यासक म्हणतात की मूळ शब्द वल्ह्याचा नव्हेच, तो औषधाचा, उताऱ्याचा आहे. फ्रान्समध्ये ते शतकानुशतकं मुलांचंच होतं, अजूनही बहुतेक मुलांचंच असतं. मुलींना ठेवायची रीत हल्लीची, आणि ती जास्त बाहेरच्या देशांत. अनयला फोनवर विचारलं तर तो म्हणाला, मुलगा की मुलगी हे आम्ही आधी विचारून घेतलंच नव्हतं, मग दोन्हीला चालेल असं हवं होतं. बरोबर आहे. आमच्या लॅबमध्येही लेबल आधी छापून ठेवतात.

वल्हवणाऱ्यावर मात्र माझं मन अडकलं. छोट्या होडीत वल्ही मारणारा माणूस पाठमोरा बसतो ना? म्हणजे तो जातो पुढे, पण तोंड मागे सुटलेल्या किनाऱ्याकडे. सात वर्षांपूर्वी अनय विमानतळाच्या दारातून आत गेला तेव्हा तो काचेपलीकडे बराच वेळ उलटा चालत हात हलवत होता. एका ट्रॉलीला धडकलाही. मला एकदम वाटलं, नाव ठेवताना त्याच्या मनात तेच असेल. डोळे भरून आले आणि डब्यातली भेंडी तशीच राहिली.

संध्याकाळी हे मी फ्रेडाला ऐकवलं. फ्रेडा इथल्याच, कांदिवलीतल्या पोयसरच्या जुन्या गावठाणातली, माहेर मनोरीचं, जन्मापासून मराठी बोलणारी आणि जन्मापासून फटकळ. माझी कल्पना तिने शांतपणे ऐकून घेतली आणि म्हणाली की तिचे आजोबा होडीत उभे राहून वल्हवायचे, तोंड पुढे करून. मागे बघत बसले असते तर होडी खडकावर गेली असती. झालं. माझ्या किनाऱ्याचा निकाल लागला.

रेमी हे नाव मात्र तिला अजिबात नवं नव्हतं. तिच्या माहेरी एक रेमी काका होते आणि एक रेमी आंटी, सख्खे नव्हेत, पण एकाच अंगणात राहणारे. कुणी रेमी म्हणून हाक मारली की दोघं ओ देत आणि मग भांडत. पोयसरचं चर्चही रेमेडीज मातेचं आहे. तिला नवस बोलून झालेल्या मुलीला रेमी म्हणायचे, मग मुलांनाही म्हणू लागले, कुणी फारसा विचार केला नाही. मी जे नाव परकं म्हणून दोन दिवस चघळत होते, ते माझ्या रोजच्या रिक्षाच्या वाटेवर नांदत होतं. याचा मला आनंद व्हायला हवा होता. राग आला. परकं असतं तर निदान त्याच्यावर रुसता तरी आलं असतं.

मी आपली मान, रीत, आत्या हेच दळण दळत राहिले, तेव्हा फ्रेडाने हातातला कप खाली ठेवला. तिचा मुलगा ग्लेनरॉय कॅनडात असतो.

"नाव काय घेऊन बसलीस गं," ती म्हणाली. "माझ्या नातवाचं नाव मीच ठेवलं ना. चांगलं वाजतगाजत. पाच वर्षांचा झाला, मला एकदाच बघितलंय त्याने."

आणि तिनेच लगेच माशांच्या भावाचा विषय काढला.

बारशाचं डोक्यात भरवलं ते शकुआत्याने. ही आमची, म्हणजे माझी आणि अनयची आत्या. मुलुंडला लेकीकडे असते, ऐंशी कधीच ओलांडलेली, कानाने कमी पण आवाजाने दुप्पट. आम्हा दोघांची नावं तिने ठेवली. तिचा फोन आला की बारसं कधी. मी म्हटलं, बाळ तिकडे आहे. ती म्हणाली, पाळणा इकडे बांध, बाळाच्या कानाला तो फोन लाव, तुम्ही बायका फोनवर भाजी मागवता, नाव सांगता येत नाही होय?

मग मी अनयला फोन केला. बारसं करायचंय, इथे, तू फक्त फोन तिच्या कानाशी धर, असं सरळ सांगायचं ठरवलं होतं. तसं सांगितलंही. तो हो म्हणाला, लगेच म्हणाला, आणि त्या लगेचनेच माझा बांध फुटला.

"तुझ्या मुलीचं नाव मला बातमीसारखं कळलं, अनय," मी म्हटलं.

मागे बाळ कुरकुरत होतं.

"ताई, मॅरियॉनने खूप नावं काढली होती," तो म्हणाला. "मी एकेक म्हणून बघायचो, तुझ्यासारखं. खिडकीतून हाक मारतेस ना तू, तसं. ज्यांनी तुला हाक मारता येणार नाही ती सगळी मी काढून टाकली. शेवटी हे एक राहिलं."

"हे तेव्हाच नाही सांगायचं?"

"रडली असतीस."

"आणि आता?"

"आता चिडली आहेस. चिडलेली चालतेस मला."

मी फोन ठेवला आणि रडले. म्हणजे नाव माझ्याच जिभेच्या मापाने शिवून घेतलं होतं. दोन अक्षरं, कुठे अडखळायला नको, तिसऱ्या मजल्यावरून खालपर्यंत सहज पोचतील अशी. पण हाक मारायला माणूस खाली खेळत असावं लागतं. अनयची नोकरी तिकडे, मॅरियॉन शिकवते ती शाळा तिकडे, घर घेतलंय, कर्ज आहे. तो परत येणार नाही हे मला त्याने कधी सांगितलं नाही, मी कधी विचारलं नाही, आणि आम्हा दोघांना ते ठाऊक आहे. ती मुलगी मोठी होईल तेव्हा मी पडद्यातली एक बाई असेन, सणाला दिसणारी. एवढं सगळं कळूनही गंधाली काही मनातून जाईना. शेवटी मी एक ठरवलं. कानात आत्या काय सांगते ते आत्याला आणि बाळालाच ठाऊक असतं. आधी हळूच गंधाली सांगायचं, मग मोठ्याने रेमी. एक नाव त्यांचं, एक माझं. अनयलासुद्धा कळणार नाही.

रविवारी दुपारी सगळ्या जमल्या. दुसऱ्या मजल्यावरच्या दीप्तीने तिच्या मुलाचा पाळणा आणून दिला, फ्रेडाने फुलं बांधली, मी घुगऱ्या केल्या आणि शकुआत्या लेकीच्या गाडीतून येऊन पाळण्याशेजारच्या खुर्चीवर मुक्काम ठोकून बसली. बारशाला बाळाच्या आधी पाळण्यात वरवंटा निजवायची रीत आहे. मी आईचा वरवंटा धुऊन, पुसून, जरीच्या खणात गुंडाळून आत ठेवला. एरवी तो काढतात आणि बाळाला ठेवतात. आमच्याकडे त्या दिवशी वरवंट्यानंतर कुणी निजणार नव्हतं. दीप्तीने दोरी हातात घेऊन पाळणा हलवला, दोन झोक्यांनंतर तिला काय वाटलं कुणास ठाऊक, तिने दोरी सोडून दिली.

फोन लागला. पडद्यावर मॅरियॉन दिसली, कपाळाला टिकली लावलेली, जरा तिरकी. तिने "नमस्कार रेवतीताई" एवढं घोटून घोटून पाठ केलेलं म्हटलं आणि सुटल्यासारखी हसली. मग बाळ दिसलं. मूठ गालाशी, डोळे मिटलेले, केस काळे. शकुआत्या अनयवर गेलीय, अनयवर गेलीय म्हणून ओरडली. मला त्या मुठीतलं एक बोट सोडवून बघायचं होतं.

अनय म्हणाला, आता चित्र बंद करतो आणि फोन तिच्या कानाशी धरतो. पडदा काळा झाला. मीही फोन कानाला लावला, रीतीप्रमाणे पाळण्यावर वाकले, आणि मागे सगळ्या बायका हात सरसावून उभ्या राहिल्या. गंधाली ओठांवर होतं.

आणि मला तिचा श्वास ऐकू आला.

एवढासा चेहरा, कानाशी फोन धरला की त्याचं दुसरं टोक थेट नाकापाशी. आत जाणारा श्वास, मग थोडं थांबणं, मग बाहेर येणारा. मध्येच एक बारीक घरघर, सर्दी असावी. इतक्या जवळून मी कुणाला ऐकलं नव्हतं, अनय लहानपणी तापात माझ्या खांद्यावर झोपायचा तेव्हापासून. माझ्या कानात ती होती, पूर्ण होती, आणि माझ्या हाताखाली खणात गुंडाळलेला दगड होता.

तिला उद्या उठून मला शोधायचं झालं तर तिच्याजवळ काय असणार होतं? तिला रोज ज्या नावाने उठवतील तेच मी म्हटलं, तरच तिला कळणार की ही बाई मला बोलावतेय. दुसरं नाव मी आत गिळलं.

"रेमी," मी म्हटलं. "रेमी, मी आत्या गं."

पाठीत पहिला धपाटा शकुआत्याचा पडला, मग दीप्तीचा, मग फ्रेडाचा. फ्रेडाचा हात पाठीवरून उचललाच गेला नाही, तसाच राहिला. पलीकडे श्वास क्षणभर थांबला आणि पुन्हा सुरू झाला.

"ताई, सांगितलंस?" अनयचा आवाज लांबून आला. "काढू फोन?"

"नको," मी म्हटलं. "तसाच धर."

मी पाळण्यावर वाकलेली होते आणि मागे बायका आता सरळ हो म्हणत होत्या, घुगऱ्या गार होतायत म्हणत होत्या.

"हात दुखला तर बदल," मी त्याला म्हटलं. "पण धर."